दुसऱ्या सीडीतले आवाज

स्टाफरूममध्ये डबे उघडले होते. आमचे भूगोलाचे सर मोबाईल हातात घेऊन एकटेच हसत होते. मग म्हणाले, "मॅडम, हे बघा, तुम्हाला आवडेल. तुमच्या नगरकडची भाषा आहे."

जुन्या काळच्या चोरीच्या प्रिंटांमधल्या गमती कुणीतरी एकत्र करून टाकल्या होत्या. थिएटरात लपूनछपून कॅमेऱ्यावर उतरवलेले ते पिक्चर तुम्ही पाहिले असतील, तर तुम्हाला ठाऊक असेल. हिरो मरायला टेकलाय आणि पुढून कुणीतरी लघवीला उठून चाललंय. हिरॉईन रडतेय आणि मागं कुणाचं तरी बाळ ट्यां ट्यां करतंय. असलेच सगळे तुकडे. आम्ही चौघीपाचजणी हसत होतो. मीही हसत होते, हातात भाकरीचा तुकडा तसाच.

मग पुढचा तुकडा लागला. चित्र अंधुक, मागं मशीनची टरटर. आणि एक पुरुष अगदी कानाशी बोलावं तसा बोलला, "दिसतंय का गं? तुझी शिवण बघ की. डाव्या अंगाला, खाली."

दुसरा आवाज म्हणाला, "वहिनी, ह्याला गप बसवा बरं! पिक्चर जसा काय ह्यानंच काढलाय!"

खाली इंग्रजीत अक्षरं उमटत होती. कुणा परक्या देशातल्या माणसानं, कुठून तरी मराठी येणारा माणूस गाठून, या दोघांच्या बोलण्याचा तर्जुमा करून घेतला होता. 'शिवण' या शब्दालासुद्धा इंग्रजी शब्द शोधला होता. खाली जगभरातल्या लोकांनी लिहिलं होतं, या दोन म्हाताऱ्यांवर आमचा फार जीव आहे.

म्हातारे कसले! पन्नाशीचे होते तेव्हा. पहिला आवाज माझ्या वडिलांचा. दुसरा शूटिंगवाल्या काकांचा. ज्या बाईशी ते बोलत होते ती माझी आई. आणि तो पिक्चर जगाच्या ताटात वाढणारी मी.

हातातली भाकरी मी डब्यात परत ठेवली. सर म्हणाले, "काय झालं, मॅडम?" मी म्हटलं, "ठसका लागला."

आता सगळं नीट सांगते. वीस वर्षं नाही सांगितलं, आता तरी सांगू दे.

माझे वडील, आम्ही त्यांना दादा म्हणतो, नगरच्या एका टॉकीजमध्ये ऑपरेटर होते. म्हणजे वरच्या खोलीत मशीन चालवणारे. राहायला आम्ही केडगावात. ते रोज सायकलवरून जायचे, आणि त्यांच्या शर्टाला कायम मशीनच्या तेलाचा वास. आई घरी शिवणकाम करायची. एकदा टॉकीजचा पडदा डाव्या कोपऱ्यात खाली वीतभर फाटला. नवा पडदा आणायला मालकाचा हात उचलेना, तेव्हा आईनं जाऊन तो शिवून दिला. पांढऱ्या दोऱ्याचे बारीक टाके. तरी दिसायचेच. पडद्यावर आभाळ असलं की आभाळाला टाके, हिरॉईनचा पदर आला की पदराला टाके. त्या शिवणकामाच्या बदल्यात आईला दर नव्या पिक्चरचा पास मिळायचा आणि ती एकही सोडायची नाही. पिक्चर बघताना तिचं अर्धं लक्ष त्या कोपऱ्याकडं. घरी येऊन म्हणायची, "टिकलीय गं शिवण."

शूटिंगवाले काका म्हणजे दादांचा जिवाभावाचा दोस्त. लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगचा धंदा. ख्रिस्ती माणूस, आमच्यापासून चार गल्ल्या पलीकडं घर. दिवाळीला आमचं ताट त्यांच्याकडं, नाताळाला त्यांचं आमच्याकडं. त्यांच्याकडच्या करंज्या आईच्या करंज्यांपेक्षा खुसखुशीत असायच्या, आणि हे आईसमोर म्हणायची घरात कुणाची टाप नव्हती.

आणि मी? मी पुणे रोडवरच्या एका नेट कॅफेत काउंटरला बसायचे. बीएस्सी झालेली, डोक्यात हवा. ब्रॉडबँड नुकतंच आलं होतं. लोक यायचे रिझल्ट बघायला, फॉर्म भरायला. मी मात्र दिवसभर एका साईटवर पडीक असायचे. जगभरातले लोक तिथं एकमेकांना पिक्चर द्यायचे. आजच्या पोरांना बोट लावलं की पिक्चर सुरू होतो. आम्हाला एकेक पिक्चर उतरायला दोनदोन दिवस लागायचे, मध्ये लाईट जायची, परत पहिल्यापासून. ती टक्क्यांची पट्टी पुढं सरकताना बघण्यात जो आनंद होता, तो पिक्चर बघण्यात नव्हता, देवाशप्पथ.

त्या साईटचा एक कडक नियम होता. जितकं घ्याल तितकं द्यायचं. नुसतं ओरपत बसलात तर हाकलून देणार. मी नुसती ओरपत होते. एक दिवस लाल अक्षरांत ताकीद आली, की आठवड्याभरात काहीतरी दिलं नाहीत तर तुमचं खातं बंद. मला वाटलं, गेलं! माझं जगाशी असलेलं नातंच तुटलं! आज हसू येतं आणि स्वतःच्या मुस्काटात मारावीशी वाटते. द्यायला माझ्याकडं काय होतं? कुणाकडंच नसलेलं असं काहीतरी पाहिजे होतं.

आणि नेमकं तेव्हाच आईचा पाय मोडला. ओट्यावरून घसरली. मांडीपर्यंत प्लास्टर, तीन महिने हलायचं नाही. त्याच आठवड्यात टॉकीजला एक मोठा पिक्चर लागला, ज्याची ती सहा महिने वाट बघत होती. पलंगावर पडल्यापडल्या ती भिंतीकडं तोंड करून रडली. पायासाठी नाही हो, पिक्चरसाठी!

दादा इतके सरळ की मशीनखोलीत कुणाला पाऊल टाकू देत नसत. पण बायकोचं रडणं त्यांना बघवेना. त्यांनी काकांना गाठलं. दुपारच्या खेळाला काका कॅमेरा घेऊन वर मशीनखोलीत गेले, आणि खिडकीतून त्यांनी सगळा पिक्चर उतरवून घेतला. दोन सीड्या केल्या, एकीत मध्यंतरापर्यंतचा, दुसरीत पुढचा. त्या माझ्याकडं कॅफेत आणून दिल्या. "घरी ने. वहिनींसाठी हाय. भाईर काढू नको, तुझ्या बापाची नोकरी जाईल."

हे त्यांनी मला स्पष्ट सांगितलं होतं. मला कळलं नाही असं मी म्हणू शकत नाही.

मी काय केलं? पहिली सीडी कॉम्प्युटरला लावली. दहा मिनिटं बघितली. चित्र स्थिर, कुणाचं डोकं मध्ये नाही, मशीनची टरटर तेवढी होती. साईटवर शोधलं, तर हा पिक्चर अजून कुणाकडंच नाही! मनाशी म्हटलं, कोण परदेशात बघतंय आणि नगरला कुणाला कळतंय? साईटवर चढवायला लावली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ती सीडी आईला नेऊन दिली. "दुसरी काकांकडंच राहिलीय, आणते," असं खोटं सांगितलं.

दुसरी चढायला वेळ लागला, कारण लोडशेडिंग. दिवसाला सहासहा तास लाईट नाही. इकडं आई विचारायची, "अगं, मध्यंतर झालं, तो भाऊ घर सोडून गेला. पुढं काय झालं? आणतीस का न्हाई सीडी?" तिकडं साईटवर लोक विचारायचे, दुसरा भाग कुठाय? कुठकुठल्या देशांतले लोक माझ्यापुढं हात जोडत होते! आईला मी "उद्या" म्हणायचे आणि त्यांना "थोडा वेळ थांबा." दुसरी सीडी मी एक मिनिटभरसुद्धा लावून बघितली नाही. काय बघायचं त्यात? पहिलीसारखीच असणार. सहाव्या दिवशी ती पुरी चढली. धन्यवादांचा नुसता पाऊस पडला. माझं खातं वाचलं. सीडी काउंटरच्या खणात पडून राहिली.

पुढच्या सोमवारी टॉकीजसमोर पांढरी सुमो येऊन थांबली. वितरकाचा माणूस होता. नवा पिक्चर लागला की तो तिकिटं मोजायला यायचा, तेव्हा पहिल्या रांगेत बसून आमच्या पडद्याच्या टाक्यांची थट्टा करायचा. साईटवरून कुणीतरी उतरवून घेऊन पुण्यात फुटपाथवर विकायला ठेवलेली सीडी त्यानं बघितली आणि कोपऱ्यातले टाके लगेच ओळखले. तसला पडदा दुसरीकडं कुठं असणार!

दादांनी एका शब्दानं नाकारलं नाही. "मी काढला. घरी बायकोसाठी," एवढंच म्हणाले. कॅमेरा कुणाचा, हे मात्र शेवटपर्यंत सांगितलं नाही. मालकानं हातापाया पडून पोलिसांपर्यंत जाऊ दिलं नाही, पण दादांना तिथल्या तिथं काढलं. बावीस वर्षांची नोकरी. दादा सायकल हातात धरून चालत घरी आले, केडगावपर्यंत, चढून बसलेच नाहीत.

घरी येऊन ते आईला म्हणाले, "त्यानं इकली. टेप त्याच्याकडं हुती. दुसरं कोण इकणार?"

दादांच्या लेखी पिक्चरची चोरी म्हणजे टेप विकणं. इंटरनेट म्हणजे माझ्या नोकरीचं काहीतरी, फॉर्म भरायचं. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. तोंड उघडायचं होतं, पण उघडलं नाही.

संध्याकाळी काका धावत आले. दादांनी त्यांना उंबऱ्याच्या आत घेतलं नाही. "किती मिळाले?" एवढंच विचारलं. काका म्हणाले, "मी न्हाई इकली." मग त्यांची नजर दादांच्या खांद्यावरून माझ्यावर आली. मी खाली बघितलं. त्या एका क्षणात त्यांना सगळं कळलं. तरी ते परत एवढंच म्हणाले, "मी न्हाई इकली," आणि गेले.

पहिली सीडी दादांनी पाट्यावर ठेवून वरवंट्यानं फोडली. दुसरी मी कॅफेच्या मागं कचऱ्यात टाकली. आईला पुढचं काही बघायला मिळालं नाही. नंतर तो पिक्चर टीव्हीवर दहादा लागला असेल. ती उठून आत जायची. "ऱ्हाईलेला पिक्चर मला नको," म्हणायची.

दादा कांद्याच्या गोदामावर वॉचमन झाले. माझं लग्न झालं, मी संगमनेरला आले, ज्युनिअर कॉलेजात कॉम्प्युटर शिकवायला लागले. माझी हिंमत बघा, पोरांना 'सायबर सुरक्षा' हा धडाही मीच शिकवते!

लग्नाआधी एकदा काका मला एसटी स्टँडवर भेटले. मी हमसून हमसून रडायला लागले. त्यांनी मला उसाचा रस पाजला आणि म्हणाले, "हे बघ पोरी, सांगायचं तर तूच सांग. मी सांगितलं तर ती चुगली हुईल. बापलेकीच्या मधी मी न्हाई पडायचा." त्यानंतर जेव्हा जेव्हा मला बघायचे, तेव्हा नुसत्या भुवया वर करायचे. सांगितलंस का? मी मान हलवायचे. नाही. असं किती वर्षं!

दर नाताळाला त्यांच्या घरून ताट यायचं. दर वेळी दादा ते दारातूनच परत पाठवायचे, वरचा रुमालसुद्धा न उचलता. आई असेपर्यंत एकदोनदा म्हणाली, "अहो, एवढं काय धरून बसायचं?" दादा म्हणायचे, "सारं नगर मला चोर म्हनलं. ते मी सोसलं. पर त्यानं केलं हे न्हाई सोसत."

आई गेली. दोन वर्षांपूर्वी काकाही गेले. मला इथं संगमनेरला कळलं तेव्हा मी दादांना फोन लावला. "जाताय ना?" ते म्हणाले, "माझं काय काम तिथं?" मी तेव्हा तरी बोलायला हवं होतं. चार गल्ल्यांवर तर घर, मातीला अजून दोन तास होते. मी म्हटलं, "बरं." आणि फोन ठेवला. माझ्या आयुष्यातली सगळ्यात हलकट गोष्ट तीच. पिक्चर चढवला ती नाही.

तर आता परत स्टाफरूम. त्या दिवशी मी तो पूर्ण पिक्चर शोधून काढला. अजून आहे, अगदी जिवंत आहे! वीस वर्षांत हजारो संगणकांतून फिरून तो परत माझ्या मोबाईलमध्ये आला. एकटीनं बघायची छाती होईना. रविवारी केडगावला गेले.

दादा पलंगावर बसून पेपर वाचत होते. वय बहात्तर, कान मात्र शाबूत. मी म्हटलं, "दादा, एक दाखवायचंय." मध्यंतरानंतरचा भाग लावला आणि मोबाईल त्यांच्या हातात दिला.

आधी त्यांनी पडदा ओळखला. "आपला हाय की!" बोटानं कोपरा चाचपला. "तिची शिवण." आणि मग त्यांचा स्वतःचाच आवाज आला. दिसतंय का गं? दादा दचकले. माझ्याकडं बघितलं, मोबाईलकडं बघितलं. काकांचा आवाज आला, वहिनी, ह्याला गप बसवा. दादांचा चेहरा असा झाला की मला वाटलं, आता मोबाईल भिंतीवर मारतात. पण नाही. त्यांनी तो कानाजवळ नेला.

तासभर आम्ही दोघं ऐकत राहिलो. पिक्चरकडं कुणाचं लक्ष नव्हतं. अधूनमधून टरटरीतून दोघं बोलत होते. काकांना तहान लागली होती. दादा म्हणत होते, ही हिरॉईन तुझ्या वहिनीसारखी नाक मुरडती. शेवटी पिक्चर संपला, नावं वर सरकायला लागली आणि कॅमेरा बंद व्हायच्या आधी दादांचा आवाज आला.

"हे कुटं भाईर जायाचं न्हाई बरं का."

"येडा का खुळा तू?" काका म्हणाले. "दोन सीड्या काढतो आन टेप लगीच पुसतो. रविवारच्या लग्नाला हीच टेप वापरायची हाय मला, नवी कोन घेनार? भरवसा न्हाई व्हय माझ्यावर?"

"तुझ्यावर न्हाई ठिवला, तर कुनावर ठिवू?" दादा म्हणाले. दोघं हसले. मग बंद.

मी हबकून बसले. हे वीस वर्षं जगभर वाजत होतं! कुठल्या कुठल्या देशांतल्या लोकांनी ऐकलं होतं, वाचलं होतं, की टेप पुसणार, सीड्या दोनच, भरवसा. साऱ्या जगाला ठाऊक होतं. आमच्या केडगावच्या घरात ते एकट्या दादांनी ऐकलं होतं, आणि रागाच्या भरात तेही विसरून गेले होते. आई ऐकणार होती. दुसरी सीडी तिच्या हातात वेळेवर पडली असती, तर दादांना काढलं त्याच दिवशी तिनं त्यांना आठवण करून दिली असती, अहो, तो तर टेप पुसतो म्हणालाय. मग दादांनी विचार केला असता, की टेप पुसली तर सीड्या कुणाकडं होत्या.

आणि तो विचार दादांनी आत्ता केला. माझ्यासमोर. मी त्यांच्या चेहऱ्यावर तो होताना बघितला.

"सीड्या कुनाकडं दिल्त्या त्यानं?" त्यांनी विचारलं.

"माझ्याकडं."

"तू इकल्या?"

"विकल्या नाहीत. फुकट दिल्या. कॉम्प्युटरवरून, लोकांना."

"फुकट?" दादांना ते जास्तच लागलं. "त्याला ठावं हुतं?"

"हो."

"तुला कदी इचारलं न्हाई त्यानं?"

"विचारलं. दर वेळी विचारलं."

बाहेर भंगारवाला ओरडत गेला. मग दादा म्हणाले, "मी त्याच्या मातीला गेलो न्हाई. तुझा फोन आल्ता त्या दिवशी. जाताय ना, म्हनलीस."

"हो, दादा."

"तवाबी तुला ठावं हुतं."

मी होकारार्थी मान हलवली. त्यांनी मोबाईल माझ्या हातात दिला. आवाज चढवला नाही की काही नाही. "त्याच्या घरी जा. त्याच्या बायकूला सांगून ये. मी न्हाई सांगायचा, तूच सांग," म्हणाले. मला काकांचीच आठवण झाली, एसटी स्टँडवरची.

मी गेले. काकू मेथी निवडत होत्या. मी सगळं सांगितलं, रडत रडत. त्यांनी ऐकून घेतलं, जुडी बाजूला ठेवली. त्यांना पहिल्यापासून ठाऊक होतं. "हे सांगून गेलेत, ताट चुकवायचं न्हाई म्हणून," त्या म्हणाल्या. मग विचारलं, "ह्या वर्षी घेतील का भाऊजी?"

नाताळाच्या दिवशी मी मुद्दाम केडगावला गेले. सकाळी काकूंची सून ताट घेऊन आली. दादा दारात वाटच बघत होते. इस्त्रीचा सदरा, टोपी. त्यांनी दोन्ही हातांनी ताट घेतलं, रुमाल उचलला, आणि तिथंच उंबऱ्यात उभं राहून एक करंजी खाल्ली. हळूहळू, डोळे मिटून. कणसुद्धा खाली पडू दिला नाही. गालांवरून पाणी वाहत होतं, तेही पुसलं नाही. सून गेल्यावर आत येऊन पलंगावर बसले, ताट मांडीवर.

मी जवळ जाऊन बसले. लहानपणापासूनची सवय, हात ताटाकडं गेला.

दादांनी ताट बाजूला सरकवलं.

"तुला न्हाई," म्हणाले.